अवर्षणाचें दैवत

मनुष्यानें ज्यांची पूजा केली नाहीं अशा वस्तु या जगांत फार थोड्या. दगड, झाड, साप, नदी, अग्नि, पूर्वज, राजा, शस्त्र, पुस्तक, तराजू, प्रत्येकापुढें कोठें ना कोठें हळदकुंकू पडलेलें आहे. रोगही यांतून सुटले नाहींत. पटकीची मरीआई गांवांच्या वेशींवर अद्याप उभी आहे. 'देवी' हा शब्द तर आपण रोगाला आणि रोगाच्या अधिष्ठात्रीला एकच लावीत आलों, आणि 'देवी टोचणें' असें म्हणतांना आपण कांहीं विपरीत बोलत आहों असें कोणाच्या मनांत आलें नाहीं. १९८० सालीं तो रोग पृथ्वीवरून नाहींसा झाल्याचें जाहीर झालें, तरी शीतलादेवीच्या देवळांतील दिवा कोणी मालविला नाहीं. मग ज्या आपत्तीनें दख्खनच्या पठाराला कोणत्याही रोगापेक्षां अधिक वेळां जाळलें त्या अवर्षणाचें देऊळ कोठें आहे? त्याची मूर्ति, त्याचा पुजारी, त्याची जत्रा आढळत नाहीं.

असा देव कल्पनेनें निर्माण करणें मुळींच अवघड नाहीं. अलीकडे तरुण मंडळी कथांकरितां व खेळांकरितां नवींनवीं जगें रचतात आणि प्रत्येक जगाला स्वतंत्र दैवतमंडळ बहाल करतात. त्यांत वाळवंटाचा एक देव हटकून असतो: भेगाळलेल्या ओठांचा, वाळूच्या रंगाचा, त्याचे भक्त पखालींतला शेवटचा घोट त्याच्यापुढें वाळूंत ओततात आणि तहान हेंच व्रत मानतात. चित्र भेदक असतें यांत शंका नाहीं. परंतु तें पाहून आमच्या मनांत जो प्रश्न उभा राहतो तो काव्याचा नसून नीतीचा आहे. जें आपल्या तोंडचा घास हिरावून घेतें त्याला नमस्कार करणें मनुष्याला शक्य आहे काय, आणि शक्य असल्यास योग्य आहे काय?

जगाच्या जुन्या दैवतकथा चाळल्या तर पहिल्या प्रश्नाचें उत्तर बहुतेक नकाराचें मिळतें. ऋग्वेदांतील वृत्र हा अवर्षणच देह धरून आलेला. त्याचें नांवच मुळीं 'आवरण घालणारा' या अर्थाचें. तो पाणी अडवून बसतो आणि इंद्र वज्रानें त्याला फोडून नद्या मोकळ्या करतो. शुष्ण हा त्याचाच भाऊबंद. त्याच्या नांवांत शोष आहे. पण या दोघांनाही हवि नाहीं. 'वृत्रा, पाणी सोड' अशी विनवणी ऋषि करीत नाहींत. ते इंद्राला सोम पाजतात आणि वृत्राचा वध मागतात. १९२९ पासून सीरियाच्या किनाऱ्यावर रास शम्रा येथें प्राचीन उगारित नगराच्या मृत्तिकापट्टिका सांपडूं लागल्या. त्यांत पर्जन्यदेव बाल आणि मृत्यूचा व करपलेल्या शेतांचा स्वामी मोत यांचें युद्ध वर्णिलें आहे. मोत बालाला गिळून टाकतो, एवढा तो प्रबळ. परंतु त्याच नगराच्या बलिदानाच्या याद्यांत त्याचें नांव नाहीं. कथेंत देव, पण देवळांत जागा नाहीं. मिसर देशांतील सेत हा अपवाद वाटतो खरा. लाल ओसाड भूमीचा तो धनी. ओम्बॉस येथें त्याचें देऊळ होतें आणि त्याच्या नांवावरून सेती म्हणविणारे राजेही होऊन गेले. तथापि त्याचे भक्त वाळूला भजत नव्हते. सूर्याच्या नौकेच्या तोंडाशीं उभें राहून महासर्पाला भाला मारणाऱ्या त्याच्या बाहुबळाला भजत होते.

वृत्राविषयीं आणखी एक गोष्ट सांगावीशी वाटते, कारण तिच्यांत आपल्या पूर्वजांची सूक्ष्म नीतिबुद्धि दिसते. वृत्र मेला, नद्या वाहूं लागल्या, तरी कथा संपली नाहीं. इंद्राला ब्रह्महत्या लागली आणि तो कमळाच्या देंठांत जाऊन लपला. आणि भागवताच्या सहाव्या स्कंधांत तर हाच वृत्र रणांगणावर परम भक्ताच्या वाणीनें बोलतो. शत्रूलाही अंतःकरण असूं शकतें हें मान्य करणें वेगळें आणि त्याच्या शत्रुत्वाला नैवेद्य दाखविणें वेगळें. मधली रेघ पुराणकारांनीं पुसली नाहीं.

खऱ्याखुऱ्या वाळवंटाच्या कडेला राहिलेल्या लोकांनीं कोणता देव केला हें पाहण्यास लांब जावें लागत नाहीं. कल्याणच्या पलीकडे उल्हास नदीच्या खोऱ्यांत जांभूळ नांवाचें गांव आहे. त्याच्या जवळचें उल्हासनगर हें फाळणीनंतर सिंधमधून आलेल्या निर्वासितांचें शहर. पूर्वींच्या लष्करी छावणीच्या जागेवर ८ ऑगस्ट १९४९ रोजीं गव्हर्नर जनरल राजगोपालाचारी यांनीं त्याची कोनशिला बसविली. या लोकांचा देश थरच्या वाळूला लागून. तेथें आभाळाचा भरंवसा नाहीं. सिंधु वाहते म्हणून माणूस जगतो. अवर्षणाला देव करण्याचा अधिकार कोणाला असेल तर तो यांना होता. पण त्यांचा इष्टदेव झूलेलाल हा वरुणाचा अवतार, सिंधूच्या पाण्यांतून पल्ला माशावर बसून येणारा. चेटीचंदाला त्याचा बहिराणा दिवे लावून पाण्याकडे मिरवत नेतात. पावसाळ्यांत चाळीस दिवसांचें चालिहो व्रत करतात. सिंधु नदी मागें राहिली, परराष्ट्रांत गेली. देव मात्र बरोबर आला आणि जवळ जें कोणतें पाणी असेल त्यावर त्यानें समाधान मानून घेतलें.

तीच गोष्ट आपल्या माणदेशाची. सातारा-सोलापुराकडील हा मुलूख वर्षाकाठीं वीस इंचांच्या आसपास पावसावर भागवितो, आणि तेवढाही वेळेवर येत नाहीं. तेथला मोठा देव शिखर शिंगणापूरचा शंभु महादेव. चैत्रांत, म्हणजे विहिरींचे तळ दिसूं लागतात नेमक्या त्या महिन्यांत, दूरदूरच्या गांवांहून कावडी निघतात. सासवडची तेल्या भुतोजीची कावड मुंगी घाटाच्या उभ्या चढणीनें वर जाते. माणसांच्या सांखळ्या करून, हातांनीं हात धरून ती चढवितात, आणि तें पाणी देवाच्या माथ्यावर ओततात. तहानलेल्यांनीं आपल्या देवाला पाणी पाजावें असा हा सोहळा आहे. आमचें तर असें मत झालें आहे कीं, अवर्षणाचा देव ही घरांत नळ असलेल्या माणसाची कल्पना होय. ज्याला घागर घेऊन दोन कोस चालावें लागतें त्याला तहानेचें काव्य सुचत नाहीं.

एक नांव मात्र या मताच्या आड येतें. १३९६ पासून महाराष्ट्रांत जो भयंकर दुष्काळ पडला तो 'दुर्गादेवीचा दुष्काळ' म्हणून ओळखला जातो. ग्रँट डफनें आपल्या १८२६ सालच्या मराठ्यांच्या इतिहासांत लोकांतील कथेच्या आधारें त्याची मुदत बारा वर्षें दिली आहे, आणि मुलूख ओसाड पडून पुढें तीस वर्षांवर वसूल जेमतेमच येत होता असें नमूद केलें आहे. बारा हा कथांचा आवडता आंकडा. तो सोडून दिला तरी नांव उरतेंच. येथें दुष्काळालाच देवी केलें असें प्रथमदर्शनीं वाटतें. पण सप्तशतीचा अकरावा अध्याय आठवावा. शंभर वर्षें पाऊस पडणार नाहीं तेव्हां मी शताक्षी होऊन येईन, स्वतःच्या देहांतून उगवलेल्या शाकभाजीनें लोकांना पोसून शाकंभरी म्हणवीन, आणि दुर्गम नांवाच्या असुराला मारून दुर्गादेवी या नांवानें प्रसिद्ध होईन, असें अभिवचन देवी तेथें देते. तुळजापुरास पौषांत शाकंभरी नवरात्र होतें तें याच रूपाचें. जिनें दुष्काळ निवारायचा तिचेंच नांव दुष्काळाला मिळालें! आम्हांला असें वाटतें कीं, त्या वर्षांत लोकांनीं जी हांक दिवसरात्र मारली ती हांकच त्या वर्षांना चिकटली. तीत दुष्काळाची भक्ति नाहीं. दुष्काळाच्या तोंडावर उभ्या केलेल्या आईची आठवण आहे.

रोगाला देऊळ मिळालें आणि अवर्षणाला मिळालें नाहीं, याचें कारण आम्हांला निवडींत दिसतें. मरी एकाच घरांतल्या कर्त्याला नेते आणि पाळण्यांतल्याला ठेवते. जेथें निवड आहे तेथें निवडणारा कोणी आहे असें मन म्हणतें, आणि निवडणाऱ्याजवळ रदबदली करतां येते. आभाळ निवड करीत नाहीं. तें पाटलाच्या मळ्यावर आणि बलुतेदाराच्या तुकड्यावर सारखेंच कोरडें राहतें. त्याच्याशीं काय बोलणार?

येथपर्यंत युक्तिवाद ठीक चालतो. पुढें तो अडखळतो, आणि जेथें अडखळतो तेथेंच खरा प्रश्न आहे. अवर्षण सर्वांवर सारखें पडलें तरी दुष्काळ सारखा पडत नाहीं. पेवांत धान्य असलेल्या घरीं तो महागाई होऊन येतो, रोजंदारीवर जगणाऱ्याच्या घरीं मृत्यु होऊन. आपल्या भाषेनें ही फोड फार पूर्वींच करून ठेवली आहे. अस्मानी आणि सुलतानी हे दोन शब्द आपण जोडीनें वापरतों म्हणून ते एकाच अर्थाचे वाटूं लागतात. परंतु पाऊस न पडणें ही अस्मानी, आणि तो पडला नाहीं म्हणून कोणीं मरावें हें ठरतें तें सुलतानींत.

१८७६ ते १८७८ च्या दुष्काळांत या देशांतून परदेशीं धान्य जातच होतें. त्याच वेळीं दुष्काळी कामांवरील खर्च कमी करण्यासाठीं निघालेल्या सर रिचर्ड टेंपलनें मजुराचा रोजचा शिधा एक पौंड धान्याच्या किंमतीवर आणि वर एका आण्यावर आणून ठेवला. जानेवारी १८७७ मध्यें दख्खनच्या मजुरांनीं या मजुरीवर काम करण्याचें नाकारलें, आणि पुण्याच्या सार्वजनिक सभेनें त्यांची बाजू सरकारपुढें मांडली. उपाशी माणसानें संप करावा ही गोष्ट ऐकण्यास विलक्षण वाटते. पण आपला वैरी कोण हें त्या माणसांना नीट समजलें होतें. त्यांनीं आभाळाला दोष दिला नाहीं, मापाला दिला.

त्याहून जुनें आणि त्याहून खोल उदाहरण देहूचें. १६३० च्या सुमाराच्या दुष्काळांत तुकोबांचा व्यापार बुडाला आणि पत्नी अन्न अन्न करीत गेली, हें त्यांनीं स्वतःच आपल्या अभंगांतून सांगितलें आहे. अशा वेळीं प्रारब्धाला हात जोडून स्वस्थ बसणें हा मार्ग मोकळा होता, आणि देवाशीं कायमचा दावा मांडणें हाही होता. त्यांनीं विठ्ठलाच्या पडक्या देवळाची डागडुजी केली. आणि परंपरा सांगते कीं, घरच्या सावकारीच्या खतपत्रांतील भावाचा वांटा भावाला देऊन आपला वांटा इंद्रायणींत बुडविला. दुष्काळानें ज्याचें घर धुऊन नेलें त्यानें आपल्या हातीं उरलेली लहानशी सुलतानी पाण्यांत सोडली! मंगळवेढ्याच्या दामाजीपंतांची कथाही याच जातीची. राजाचें कोठार भुकेल्यांना मोकळें करणारा अधिकारी, आणि त्या धान्याची किंमत बेदरच्या दरबारीं भरण्यासाठीं विठू महाराचा वेष घेऊन जाणारा विठोबा. या कथेंतला देव पाऊस पाडीत नाहीं. तो धान्याचे पैसे भरतो.

१९७२ च्या दुष्काळांत आभाळ कमी रुसलें होतें असें नाहीं. परंतु तेव्हां वि. स. पागे यांच्या पुढाकारानें रोजगार हमीची योजना उभी राहिली, १९७७ सालीं तिचा कायदा झाला. आणि त्या वर्षांत पीक इतकें बुडूनही मोठी प्राणहानि टळली ती सार्वजनिक कामांवर मिळालेल्या मजुरीमुळें, हें पुढें अमर्त्य सेन व ज्याँ द्रेझ यांनीं साधार दाखवून दिलें.

आतां पुन्हां जांभूळकडे वळूं. या भागांत वर्षाला शंभर इंचांच्या घरांत पाऊस पडतो. २७ जुलै २०१९ रोजीं उल्हास नदीच्या पुरानें बदलापूर आणि वांगणी यांच्यामध्यें महालक्ष्मी एक्स्प्रेस पाण्यांत अडकवून ठेवली होती आणि सुमारें हजार उतारूंना बाहेर काढण्यासाठीं होड्या आणाव्या लागल्या. अशा मुलखांत अवर्षणाचें नांव कशाला, असें कोणीही म्हणेल. पण याच ठाणें जिल्ह्याच्या शहापूर तालुक्यांत तानसा आणि भातसा हीं मुंबईची तहान भागविणारीं धरणें आहेत, आणि त्याच तालुक्यांतील पाड्यांवरच्या बाया उन्हाळ्यांत टँकरची वाट पाहत हंडे मांडून बसतात. जांभूळ हें नांव पुष्कळांना ठाऊक आहे तें तेथील औद्योगिक विकास महामंडळाच्या जलशुद्धीकरण केंद्रामुळें. बारवी धरणाचें पाणी तेथें स्वच्छ होऊन उल्हासनगर, डोंबिवली या बाजूच्या वस्त्यांकडे आणि कारखान्यांकडे जातें; दुरुस्तीसाठीं तें एखादा दिवस थांबलें म्हणजे गांवाचें नांव वर्तमानपत्रांत छापून येतें, एरवीं येत नाहीं. बारवी धरण झालें तें १९७२ सालीं, त्या दुष्काळाच्याच वर्षीं. पुढें त्याची उंची वाढविली तेव्हां कांहीं गांवें आणि पाडे पाण्याखालीं गेले. म्हणजे एकाची तहान आणि दुसऱ्याचें घर यांचा हिशेब कोणी तरी मांडतो, निवड होते. आणि वर म्हटल्याप्रमाणें निवड जेथें आहे तेथें देवता उभी राहते. या देवतेला देऊळ नसलें तरी भक्त आहेत.

हे भक्त कोण हें ओळखण्यास फार विद्वत्ता नको. पी. साईनाथ यांच्या १९९६ सालच्या इंग्रजी पुस्तकाचें मराठी भाषांतर 'दुष्काळ आवडे सर्वांना' या नांवानें आलें; अवर्षणाच्या भक्तमंडळाची व्याख्या या तीन शब्दांत पुरी झाली आहे. टँकरचा ठेका ज्याच्याकडे, कोरड्या गांवांतील जमीन जो मातीमोलानें घेतो, गुरें बाजारांत आलीं म्हणजे ज्याची तिजोरी भरते, त्याला पावसाचें वर्ष सुतकाचें. यांना आम्ही निदान प्रामाणिक भक्त म्हणूं. त्यांना देवाकडून काय पाहिजे तें त्यांना ठाऊक असतें. दुसरा वर्ग अधिक सभ्य आणि अधिक घातक आहे. पूर्वीं पिकाची पैसेवारी पन्नास पैशांच्या खालीं गेली कीं गांव दुष्काळी ठरत असे; २०१६ च्या केंद्रीय नियमावलीनें पावसाची तूट, पिकाची स्थिति, जमिनींतील ओल अशा नव्या कसोट्या आणल्या. कसोट्या बदलल्या, परंतु 'निसर्गाची अवकृपा' हा मंत्र बदलला नाहीं. हा मंत्र म्हणणारा स्वतःला बुद्धिवादी समजतो, खेड्यांतल्या देवभोळेपणाला हंसतो, आणि एका शब्दासरशीं सगळ्या सुलतानीची अस्मानी करून टाकतो. वाळवंटांतल्या त्या कल्पित देवाला खरा उपासक मिळाला असेल तर तो हा. आणि दुसऱ्याच्या तोंडचा घोट वाळूंत ओतणारा असल्यामुळें त्याचें व्रत फार सोपें असतें.

एवढ्यावर प्रश्न सुटला असें मात्र आम्हांला म्हणवत नाहीं. सर्वच सुलतानी आहे असें शिकविलें तर ज्याचें पीक गेलें त्यानें बोलावें कोणाशीं? सुलतान आतां सिंहासनावर बसलेला नसतो. तो कचेऱ्यांत, बाजारभावांत आणि करारांच्या बारीक अक्षरांत विखुरलेला असतो. त्याला हांक मारली तर ओ येत नाहीं. कर्ज स्वतःच्या नांवावर, कोरडी गेलेली बोअर स्वतःच्या शेतांत, बियाणें स्वतः निवडून आणलेलें; अशा माणसाला शेवटीं सगळा दोष स्वतःचाच वाटूं लागतो. विदर्भ-मराठवाड्यांतील ज्या शेतकऱ्यांनीं गेल्या कांहीं दशकांत आपला जीव दिला त्यांच्या मरणांत ही एकाकी समजूत होती असें आम्हांला वाटतें. अस्मानी गेली, सुलतानी दिसेना, आणि मध्यें माणूस एकटा उरला.

म्हणूनच एका जुन्या रीतीकडे आम्ही पूर्वींइतक्या तुच्छतेनें पाहत नाहीं. नक्षत्रें कोरडीं जाऊं लागलीं म्हणजे पुष्कळ गांवांत धोंडी निघते. अंगाला कडुलिंबाचे डहाळे बांधलेलें पोर दारोदार फिरतें आणि घरधनीण त्याच्यावर तांब्याभर पाणी ओतते. तेवढ्यानें भागलें नाहीं म्हणजे गांव महादेवाच्या देवळांत जमतो. पन्हाळी बुजवितात, उंबऱ्याशीं बांध घालतात, आणि हंड्या-घागरींनीं आणून गाभारा भरतात, पिंडी बुडेपर्यंत. मग पाऊस पडेतों देवाला तसाच कोंडून ठेवतात. पाणी नसतांना पाण्याची ही उधळपट्टी, असा आक्षेप सुधारकांनीं घेतला आहे आणि हिशेबाच्या दृष्टीनें तो बरोबर आहे. परंतु या कृत्यांत मिंधेपणा नाहीं, हें त्या आक्षेपांत निसटून जातें. अवर्षणापुढें येथें कोणी गुडघे टेकलेले नाहींत. ज्यानें पाणी द्यावयाचें त्याला गांवानें धरून जाब विचारला आहे, आणि जाब विचारतांना घरांत होतें तें पाणी त्याच्यावर ओतलें आहे. देवाला शिक्षा केली कीं न्हाऊं घातलें, हें त्या घागर ओतणाऱ्या बाईला विचारलें तर दोन्हीं, असेंच ती म्हणेल. रागावण्यास नातें लागतें. टेंपलच्या मापावर रुसून बसलेल्या मजुरांना आणि देव कोंडणाऱ्या गांवाला आम्ही एकाच पंक्तींत बसवूं, आणि 'अवकृपा' म्हणणाऱ्या सद्गृहस्थांना त्या पंक्तीच्या बाहेर.

जांभूळपासून जवळच अंबरनाथचें प्राचीन शिवालय आहे. तेथील शिलालेख शके ९८२ चा, म्हणजे इ. स. १०६० चा, त्यांत शिलाहार राजा माम्वाणि याचें नांव आहे. मंडपांतून सुमारें वीस पायऱ्या उतरून गाभाऱ्यांत जावें लागतें, आणि वरचें शिखर अपुरें राहिल्यामुळें तो गाभारा आभाळाला उघडा आहे. या महादेवाला पाण्यांत कोंडण्याचें काम शिल्पकारांनीं जणूं आभाळावरच सोंपवून ठेवलें आहे. देवळाला लागून वालधुनी वाहते. नदी लहान, परंतु कारखान्यांच्या आणि वस्त्यांच्या सांडपाण्यामुळें तिचें पात्र हल्लीं उन्हाळ्यांतही ओलें असतें. तें पाणी घागरींत भरून पिंडीवर ओतण्याचें धाडस मात्र कितीही कडक अवर्षणांत कोणी करणार नाहीं.